चार मिनिटांचा हवालदार आणि पीटर वॉन

प्रश्न : गेली 9 वर्षे मी हौशी रंगभूमीवर काम करतो आहे. अंगापिंडाने दणकट असल्यामुळे वाट्याला हवालदार, सावकार नाहीतर गुंडच येतात. यंदा स्पर्धेच्या नाटकातला माझा हवालदार जेमतेम चार मिनिटे रंगमंचावर असतो. ‘गेम ऑफ थ्रोन्स’ या मालिकेत अंध, वृद्ध मेस्टर एमॉन साकारणारे नट कोण? नायक न होता नटाचे आयुष्य सार्थकी लागू शकते का?
— एक वाचक, वेंगुर्ले

उत्तर : त्या नटाचे नाव पीटर वॉन, आणि आपल्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तरही त्यांच्याच कारकिर्दीत आहे.

त्यांचा जन्म 1923 मध्ये इंग्लंडमधील श्रॉपशर परगण्यात वेम या गावी झाला. मूळ आडनाव ओम. उमेदवारी त्यांनी रेपर्टरी मंडळ्यांमध्ये केली, जिथे तोच नटसंच एकामागून एक नवी नाटके बसवत असल्याने आजच्या म्हाताऱ्याला पुढच्या आठवड्यात चोर व्हावे लागते. आपल्याकडे जत्रांच्या हंगामात दशावतारी कलावंत गावोगावी रोज वेगळे आख्यान, तेही लिखित संहितेवाचून, उभे करतो. त्याला ही शिस्त समजावून सांगावी लागणार नाही.

रुंद चेहरा आणि भारदस्त बांधा यांमुळे वॉन यांनाही वर्षानुवर्षे खलनायकच मिळाले. बीबीसीवरील ‘पॉरिज’ या तुरुंगातल्या विनोदी मालिकेत (1974–77) त्यांनी हॅरी ग्राउट हा कैद्यांचा दादा केला. मालिकेत तो अवघ्या तीन भागांत दिसतो, तरीही प्रेक्षकांनी वॉन यांना पुढे कित्येक वर्षे ‘ग्राउटी’ म्हणूनच ओळखले. हा दादा सौम्यपणे, जवळजवळ आपुलकीने बोलतो, आणि समोरचा कैदी मात्र आक्रसत जातो. दरारा नटाच्या आवाजात नसून ऐकणाऱ्याच्या अंगात उतरला पाहिजे, हे त्यांना पक्के ठाऊक होते. ‘सिटिझन स्मिथ’ या दुसऱ्या विनोदी मालिकेतला वैतागलेला बापही त्यांचाच.

माझ्या मते त्यांचे खरे मोठेपण मात्र उतारवयात दिसले. ‘द रिमेन्स ऑफ द डे’ (1993) या चित्रपटात ते अँथनी हॉपकिन्स यांचे वडील झाले, आणि प्रत्यक्षात दोघांच्या वयात जेमतेम पंधरा वर्षांचे अंतर होते! पाहुण्यांसाठी ट्रे घेऊन येताना हा म्हातारा बटलर फरसबंदीवर अडखळून पडतो आणि नंतर एकटाच त्या दगडांवरून पुन्हा चालून पाहतो. तिथे संवाद नाही. पाय कुठे चुकला हे शोधणारी खाली झुकलेली मान तेवढी आहे.

1996 च्या ‘अवर फ्रेंड्स इन द नॉर्थ’ या नऊ भागांच्या मालिकेत ते फेलिक्स हचिन्सन झाले. बेरोजगारीविरुद्ध 1936 मध्ये जॅरोहून लंडनपर्यंत निघालेल्या पायी मोर्चात तरुणपणी सामील झालेला, त्यातून मोहभंग झालेला आणि अखेरीस स्मृतिभ्रंशाने ग्रासलेला हा बाप आहे. मुलगा त्याला त्या मोर्चाची आठवण करून देऊ पाहतो, तेव्हा वॉन यांच्या चेहऱ्यावर ओळखीची रेषही उमटत नाही. ज्या चेहऱ्याने आयुष्यभर लोकांना धाक दाखवला, तोच असा रिकामा झालेला पाहून मला गलबलून आले होते.

एमॉनची भूमिका पडद्यावर आली तेव्हा, 2011 मध्ये, ते 88 वर्षांचे होते आणि त्यांची स्वतःची दृष्टीही बरीच गेलेली होती. 2015 पर्यंत त्यांनी ती भूमिका केली, आणि डिसेंबर 2016 मध्ये, वयाच्या 93 व्या वर्षी, त्यांचे निधन झाले.

तेव्हा चार मिनिटांबद्दल खंत करू नका. आपला हवालदार कुठली ड्यूटी संपवून आला आहे, त्याचे पाय दुखताहेत का, आणि इतर पात्रे बोलत असताना तो कोणाकडे पाहतो, हे पुढच्या तालमीपूर्वी दिग्दर्शकाशी बोलून ठरवा.