विकसनशील देशांतल्या छोट्या शेतकऱ्यांना सिंचनासाठी मदत करायची आहे. ठिबक संच वाटावेत का?

तुमच्या गटाकडे थोडा निधी आहे, तो आफ्रिकेतल्या अर्धा-एक एकरवाल्या शेतकऱ्यांसाठी वापरायचा आहे आणि प्रत्येक घराला कमी खर्चाचा ठिबक संच फुकट द्यायचं घाटतंय. हे कितपत उपयोगी पडेल, असं तुम्ही विचारलंय. छोट्या सिंचनाच्या कामात बरीच वर्षं असल्यामुळे थोडं सविस्तर लिहितो.

थेट सांगायचं तर, सुरुवात ठिबकने करू नका. ठिबक चांगलंच आहे आणि योग्य जागी त्याला तोड नाही. पण छोट्या शेतकऱ्याची पहिली अडचण बहुतेक वेळा पाणी वाचवण्याची नसते, पाणी शेतापर्यंत आणण्याची असते. सहारा वाळवंटाच्या दक्षिणेकडच्या आफ्रिकेत लागवडीखालच्या जमिनीपैकी जेमतेम ५ टक्क्यांच्या आसपास जमीन ओलिताखाली आहे. त्यातल्या बऱ्याच भागांत भूजल फार खोल नाही, ओढ्याकाठी आणि पाणथळ जागांत तर ते अगदी हाताशी आहे. तरी उन्हाळी पीक घेता येत नाही, कारण ते वर काढायचं कसं हा प्रश्न सुटलेला नाही.

एक साधा हिशोब करू. कोरड्या, गरम हवेत भरात आलेल्या भाजीपाल्याला दिवसाला साधारण ५ मिलिमीटर पाणी लागतं. एक मिलिमीटर म्हणजे एका चौरस मीटरला एक लिटर. म्हणजे १० गुंठ्यांना, साधारण १००० चौरस मीटरला, रोज ५००० लिटर. हे पाणी १५ लिटरच्या दोन बादल्यांनी आणायचं तर १६५ हून जास्त खेपा होतात. पाणी १०० मीटरवर असेल तर जाऊन-येऊन ३३ किलोमीटर चाल, त्यातली निम्मी ३० किलो ओझं घेऊन. कुणाच्याच्यानं हे होत नाही, म्हणून बादलीवर भिजणारं शेत एक-दोन गुंठ्यांच्या पुढे जात नाही. आता यात ठिबक आणा. समजा तीस टक्के पाणी वाचलं. तरी ३५०० लिटर उरतातच, आणि ते नुसते आणायचे नाहीत, तर चबुतऱ्यावरच्या टाकीत वर चढवून ओतायचे. हे काम बहुतेक घरांत बाईच्या वाट्याला येतं, आणि संच वाटणाऱ्यांच्या कागदावर त्या कष्टाला रकानाच नसतो.

झिम्बाब्वेत २००० नंतरच्या दुष्काळी वर्षांत मदत संस्थांनी हजारो घरांना असे बादलीचे आणि पिंपाचे ठिबक संच दिले. पुढे पाहणी झाली तेव्हा बरेच संच एक-दोन हंगामांनंतर बंद पडलेले आढळले. पाणी लांब, सुटे भाग मिळत नाहीत आणि देणारे परत फिरकले नाहीत, अशी कारणं होती. ड्रीपरचं, म्हणजे नळीवरच्या थेंब सोडणाऱ्या तोंडाचं, छिद्र एखाद्या मिलिमीटरचं किंवा त्याहूनही बारीक असतं. एक मीटर उंचीच्या टाकीतून येणाऱ्या पाण्याला इतका कमी दाब असतो, की अडकलेला कण ढकलून बाहेर काढायची ताकद त्यात नसते. गाळ, शेवाळ, क्षार यांनी आधी नळीचं शेवटचं टोक मरतं. तुम्हाला कुठे चालू संच दिसला तर पहिल्या आणि शेवटच्या ड्रीपरखाली एकेक वाटी ठेवा आणि अर्ध्या तासाने बघा. शेवटची वाटी पहिलीच्या निम्मीही भरली नसेल, तर तिकडची झाडं तहानलेली आहेत आणि शेतकरी दोष संचाला न देता बियाण्याला देतोय. नळीची टोकं उघडून धुवायची असतात, फिल्टर रोज काढून झटकायचा असतो, हे त्याला कुणी हातात धरून दाखवलेलं नसतं.

याच्या उलट उदाहरण बांगलादेशचं आहे. तिथे उत्तरेकडे, रंगपूर भागात, १९८० च्या सुमारास गुन्नार बार्न्स या नॉर्वेजियन अभियंत्याने पायाने दाबायचा ट्रेडल पंप तयार केला. दोन सिलिंडर, दोन बांबू, वर उभं राहून आळीपाळीने पाय दाबायचे. गावातल्या लोहाराला करता येईल आणि गावातच दुरुस्त होईल असं यंत्र. पुढे पॉल पोलॅक यांच्या आयडीई या संस्थेने त्याचा प्रसार हाती घेतला आणि एक गोष्ट पक्की धरली: पंप वाटायचा नाही, विकायचा. छोटे कारखानदार तो बनवत, दुकानदार विकत, कूपनलिका टाकणारे मिस्त्री तो बसवून देत, आणि प्रत्येकाला त्यात चार पैसे सुटत. असे दहा लाखांहून जास्त पंप विकले गेले. केनियात मार्टिन फिशर आणि निक मून यांनी १९९१ मध्ये सुरू केलेल्या संस्थेनेही हाच मार्ग धरला. ती आज किकस्टार्ट नावाने ओळखली जाते.

पंप निवडताना दोन आकडे डोक्यात ठेवा. जमिनीवरून खेचणारा कोणताही पंप, पायाचा असो की इंजिनाचा, साधारण सात मीटरच्या खालून पाणी खेचू शकत नाही. हवेचा दाब तत्त्वतः दहा मीटरपर्यंतच पाणी वर ढकलतो आणि त्यातलं काही घर्षणात, गळतीत जातं, त्यामुळे पंप महाग घेऊन फरक पडत नाही. दुसरा आकडा माणसाच्या ताकदीचा. धडधाकट माणूस तासभर सलग ५० ते ७५ वॅट एवढंच काम करू शकतो. पाच मीटरवरून उपसा असेल आणि निम्मी ताकद घर्षणात, गळतीत गेली असं धरलं, तर सेकंदाला अर्धा-पाऊण लिटर पाणी येतं. म्हणजे आपल्या १० गुंठ्यांचे ५००० लिटर दोन-अडीच तासांत. कष्ट आहेतच, पण १६५ खेपांपुढे हे शक्य कोटीतलं काम आहे. पाणी आठ-दहा मीटरवर गेलं, की पायाच्या पंपाचा नाद सोडावा.

इंजिनाबद्दल मात्र माझं मत अनेक संस्थांना रुचत नाही. तीन-चार अश्वशक्तीचं छोटं डिझेल किंवा पेट्रोल इंजिन गचाळ, धुराचं, आवाजाचं असेल, पण गरीब शेतकऱ्याला त्याने जेवढं दिलं तेवढं क्वचितच कुणी दिलं. बांगलादेशात १९८० च्या दशकाच्या अखेरीस छोट्या इंजिनांच्या आयातीवरचे निर्बंध सैल झाले, स्वस्त चिनी इंजिनं आली, आणि उथळ कूपनलिकांवर बोरो हंगामाचा, म्हणजे कोरड्या दिवसांत घ्यायचा, भात झपाट्याने पसरला. ज्याच्याकडे इंजिन होतं तो शेजाऱ्याला पाणी विकू लागला, त्यामुळे ज्याला इंजिन परवडत नव्हतं त्याचंही शेत भिजलं. हे कुठल्या प्रकल्पाने आखून दिलं नव्हतं. पण त्याच देशाने दुसरी बाजूही दाखवली: उथळ भूजलात आर्सेनिक निघालं. म्हणून कुठेही बोअर टाकायच्या आधी पाण्याची तपासणी करून घ्या. क्षारांचीसुद्धा, कारण खारं पाणी दोन-तीन वर्षांत जमीन बिघडवतं.

आता सौर पंपाकडे. जिथे इंधन महाग आणि बेभरवशाचं आहे तिथे तो उत्तम. केनियात तो हप्त्यांवर मिळतो, आणि अर्धा-एक एकरवाल्याला एकरकमी पैसे जमत नाहीत म्हणून हप्ता हीच त्यातली मोठी सोय आहे. एकदा पंप बसला की पुढचं पाणी फुकट, म्हणून दिवसभर चालू ठेवायचा मोह होतो. विहिरीत आवक कमी असेल तर हे अंगाशी येतं. ठिबकने पाणी वाचलं की शेतकरी उरलेल्या पाण्यावर आणखी जमीन भिजवतो, हेही लक्षात ठेवा. त्याच्या दृष्टीने ते बरोबरच आहे, पण खोऱ्यातलं पाणी वाचलं असं तुम्ही देणगीदारांना लिहू नका.

माझ्या मते सर्वांत कमी पैशांत सर्वांत जास्त फरक पडतो तो पाणी कधी द्यायचं हे कळल्याने, आणि याकडेच सर्वांत कमी लक्ष जातं. पाणी मिळायला लागलं की बहुतेक शेतकरी जास्त पाणी देतात. पाण्याची पाळी आली की घ्यायचीच, पुढची कधी मिळेल सांगता येत नाही, ही भीती त्यामागे असते. ऑस्ट्रेलियातल्या सीएसआयआरओ या सरकारी संशोधन संस्थेच्या रिचर्ड स्टिर्झेकर यांनी यासाठी कॅमेलिऑन नावाचं एक साधं उपकरण काढलं. जमिनीत वेगवेगळ्या खोलीवर सेन्सर पुरायचे आणि छोटं यंत्र जोडून दिवे बघायचे. निळा म्हणजे भरपूर ओल, हिरवा म्हणजे ठीक, लाल म्हणजे कोरडं. आकडा वाचायचा नाही, तक्ता नाही. मोझांबिक, टांझानिया आणि झिम्बाब्वेतल्या छोट्या सिंचन योजनांवर २०१३ पासून ते वापरलं गेलं. शेतकऱ्यांना दिसलं, की वर माती सुकलेली असली तरी खालचा दिवा निळाच राहतो. त्यांनी पाळ्यांमधलं अंतर वाढवलं. पाणी कमी दिलं तरी उत्पन्न घटलं नाही, उलट वाढलं, कारण आधी पाण्याबरोबर खतातलं नत्र मुळांच्या खाली झिरपून जात होतं ते आता पिकाला मिळू लागलं. वाचलेला वेळ दुसऱ्या कामाला लागला. पाटाच्या वरच्या टोकाच्या (हेडच्या) शेतकऱ्यांनी कमी पाणी घेतल्याने शेवटच्या टोकाच्या, म्हणजे टेलच्या, शेतांपर्यंत पाणी पोचू लागलं आणि भांडणंही कमी झाली.

उपकरण नसेल तरी हाताने जमतं. वीतभर खोल उकरायचं, मूठभर माती घेऊन दाबायची. गोळा होतो आणि बोटाने ढकलला तर फुटतो, म्हणजे वाफसा, हवी तेवढी ओल आहे, पाणी नको. बोटांना चिखल लागतो, म्हणजे जास्त झालंय. गोळाच होत नसेल तर आज पाणी द्या. रेताड मातीत हे जरा वेगळं लागतं, तिथे गोळा जेमतेम धरतो. तुमच्या कार्यकर्त्यांना हे आधी शिकवा, संच जोडायला नंतर.

पाणी एका शेतकऱ्याचं नसून ओढ्यावरून पाटाने येणारं, सर्वांचं असेल, तर सिमेंट ओतायची घाई करू नका. नेपाळमध्ये अमेरिकी राज्यशास्त्रज्ञ एलिनॉर ऑस्ट्रॉम आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी शेकडो सिंचन व्यवस्था तपासल्या. शेतकऱ्यांनी दगड-माती-फांद्यांनी बांधलेले बंधारे पुष्कळदा सरकारी पक्क्या बांधकामांपेक्षा चांगले चालत होते, टेलपर्यंत पाणी नीट पोचत होतं. कच्चा बांध दरवर्षी वाहून जातो, तो पुन्हा घालायला हेडच्या शेतकऱ्यांना टेलच्यांची माणसं लागतात, म्हणून त्यांना पाणी द्यावं लागतं. पक्का बंधारा झाला की ती गरज संपते आणि टेलवाल्यांचं बळही. ऑस्ट्रॉम यांना २००९ मध्ये अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं, त्यामागे अशा सामूहिक मालकीच्या व्यवस्थांचा अभ्यास होता. पक्कं बांधकाम करायचंच असेल तर पाणीपाळी आणि डागडुजीचे नियम आधी लोकांकडून ठरवून घ्या.

तुमच्या निधीचं मी काय केलं असतं? संच वाटण्याऐवजी तीन-चार स्थानिक मिस्त्र्यांना हाताने बोअर टाकणं, पंप दुरुस्त करणं शिकवलं असतं, आणि जवळच्या दुकानात वॉशर, फूट व्हॉल्व्ह (पाईपच्या तळाची झडप), पाईपचे जोड कायम मिळतील याची सोय केली असती. उरलेल्या पैशांतून पंपासाठी कर्ज, त्याची फेड पीक विकल्यावर. कर्जाच्या यादीत शेतात प्रत्यक्ष राबणाऱ्या बायकांची नावं असावीत. जमीन नवऱ्याच्या नावावर आहे म्हणून त्या बाहेर राहतात. सगळ्यांनी एकाच आठवड्यात टोमॅटो लावले तर भाव कोसळून कर्ज बुडेल, म्हणून पिकं आणि लागवडीच्या तारखा वेगळ्या ठेवायला लावा. ज्यांच्याकडे पंप आणि पाणी नीट बसलंय आणि पाणी खरंच अपुरं पडतंय, त्यांना मग ठिबक द्या, तेही अर्धी किंमत घेऊन.

तिकडे पाहणीला जायचं ठरलंच तर पावसाळ्यानंतर लगेच जाऊ नका, तेव्हा सगळ्या विहिरी भरलेल्या असतात. सर्वांत कोरड्या महिन्यात जा. दोरीला दगड बांधून पाण्याची पातळी मोजा, शेतापासून पाण्यापर्यंतची पावलं मोजा, आणि पाणी कोण आणतं ते बघा. या तीन गोष्टी इथे लिहिल्यात तर कोणता पंप योग्य ठरेल ते सांगतो.