गेम काढण्याआधीचा हिशेब

चि. विद्यार्थिनीस,
अनेक आशीर्वाद.

तुझा निरोप वाचला. लॅपटॉपच्या सी ड्राईव्हची पट्टी लाल झाली आहे, कॉलेजने ऑटोकॅड हा ड्रॉइंगचा प्रोग्रॅम टाकायला सांगितले आहे आणि त्याला जागा नाही; तेव्हा सगळे गेम एकदमच काढून टाकता येतील का, असे तू विचारले आहेस. येतील, आणि ते कसे हे पुढे सांगतोच. परंतु गेमची यादी आकाराच्या क्रमाने लावून वरून खाली खुणा करत जाण्याचा तुझा विचार असेल, तर तो मला पटत नाही. मुंबई-पुण्यात फायबरच्या जोडणीवर बसलेल्या माणसाने तसे खुशाल करावे, कारण आज काढलेला गेम त्याला उद्या सकाळपर्यंत परत मिळतो. देवगड तालुक्यातल्या ज्या वाडीत माडीवरच्या एकाच खिडकीत रेंज सापडते, तिथे गेम काढणे दोन मिनिटांचे आणि परत आणणे महिन्याचे काम असते. म्हणून आकार पाहण्याआधी प्रत्येक गेमबद्दल दोन गोष्टी पाहाव्यात: तो परत आणायचा झाला तर काय पडेल, आणि त्यातली आपली आजवरची प्रगती कुठे साठवलेली आहे.

पहिल्या गोष्टीचा हिशेब कागदावर करता येतो. साठ जीबीचा गेम रोज २ जीबी मिळणाऱ्या पॅकवर उतरवायचा तर तीस दिवस लागतील, आणि त्या तीस दिवसांत घरातल्या कोणी त्या पॅकवर दुसरे काही करायचे नाही. एखाद्याकडे १० एमबीपीएसची अखंड जोडणी असली तरी त्याच गेमला सुमारे तेरा तास लागतात. ‘रेड डेड रिडेम्प्शन २’ला कंपनीच १५० जीबी जागा लागेल असे सांगते, तो रोजच्या २ जीबीवर अडीच महिन्यांचा ऐवज झाला. प्रत्यक्ष उतरवताना फाईल दाबलेल्या असल्यामुळे आकडा काहीसा कमी भरतो, तरी हिशेबाचा अंदाज बदलत नाही. पैशांची चिंता मात्र नको. गेम काढला म्हणजे त्याची खरेदी रद्द होत नाही; स्टीम किंवा एपिक या गेमच्या ऑनलाईन दुकानांतून घेतलेला गेम तुझ्या खात्यावर राहतो आणि पुन्हा विकत घ्यावा लागत नाही.

आता किती जागा करायची ते ठरव, कारण अंदाधुंद काढण्यातून नंतरची हळहळ येते. तुझा एसएसडी, म्हणजे लॅपटॉपमधली साठवणीची डिस्क, ५१२ जीबीचा आहे, पण विंडोज तो ४७६ जीबीचाच दाखवते. यात कोणी फसवलेले नाही, डिस्क बनवणारा हजाराच्या पटीत मोजतो आणि विंडोज १०२४ च्या पटीत. एसएसडी काठोकाठ भरला की लिहिण्याचा वेग पडतो आणि विंडोजच्या अपडेटलाही जागा उरत नाही, म्हणून साधारण पंधरा टक्के, म्हणजे तुझ्या बाबतीत सत्तरएक जीबी, कायम मोकळे ठेवावेत असे मी सर्वांना सांगतो. त्यात ऑटोकॅड आणि कॉलेजच्या ड्रॉइंगची जागा मिळव. येणारा आकडा हेच तुझे उद्दिष्ट. तो गाठला की थांबायचे, मग यादीत चार गेम उरले तरी उरू देत.

सर्वांत आधी जावेत ते निव्वळ ऑनलाईन चालणारे गेम. त्यांची प्रगती कंपनीच्या सर्व्हरवर असते, त्यामुळे काढल्याने काही हरवत नाही, आणि पावसाळ्यात आपल्याकडच्या जोडणीवर ते धड खेळताही येत नाहीत. मृगाच्या पहिल्या वादळी रात्रीनंतर लाईट आणि टॉवर दोन्ही रुसून बसतात तेव्हा उपयोगी पडतो तो एकट्याने, नेटशिवाय खेळायचा गेम. स्टीम त्यासाठी ऑफलाईन मोडमध्ये चालवता येते. म्हणून आकाराने मोठा असला तरी असा एखादा गेम मी ठेवेन. ‘व्हॅलोरंट’ काढशील तेव्हा एक लक्षात असू दे: त्याच्याबरोबर आलेला ‘रायट व्हॅनगार्ड’ हा स्वतंत्र प्रोग्रॅम आहे, गेम गेला तरी तो राहतो आणि संगणक चालू होताच पार्श्वभूमीला चालू होतो. तो वेगळा काढावा लागतो.

दुसरी गोष्ट प्रगतीची, आणि तुझ्या निरोपात तिचा उल्लेखच नव्हता म्हणून तिच्याबद्दल सविस्तर लिहितो. बऱ्याच गेमच्या सेव्ह फाईल, म्हणजे प्रगती साठवणाऱ्या फाईल, गेमच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये नसतात. त्या डॉक्युमेंट्समधल्या ‘माय गेम्स’मध्ये, ‘सेव्ह्ड गेम्स’मध्ये किंवा ॲपडेटा नावाच्या लपवलेल्या फोल्डरच्या पोटात असतात, आणि स्टीममधून गेम काढला तरी बहुतेक वेळा तिथेच राहतात. काही जुने गेम मात्र सेव्ह स्वतःच्या फोल्डरमध्येच ठेवतात, आणि गेमबरोबर त्या जाऊ शकतात. स्टीमच्या पुष्कळ गेमना क्लाउडची, म्हणजे सेव्हची प्रत नेटवरून स्टीमच्या सर्व्हरवर ठेवण्याची, सोय आहे. लायब्ररीत, म्हणजे स्टीममधल्या तुझ्या गेमच्या यादीत, गेम उघडलास की खेळण्याच्या बटणाशेजारी क्लाउडची स्थिती दिसते. ती खूण दिसली म्हणून लगेच निर्धास्त होऊ नकोस. काल रात्री तू तीन तास खेळलीस आणि त्या वेळी नेट नव्हते, तर ते तीन तास अजून तुझ्याच डिस्कवर आहेत, क्लाउडमध्ये पोहोचलेले नाहीत. म्हणून काढण्याच्या दिवशी आधी नेट जोडावे, स्टीम उघडावे, क्लाउड अद्ययावत असल्याचे पाहावे आणि मगच पुढे जावे. ज्या गेमला क्लाउड नाही, त्याचे सेव्हचे फोल्डर शोधून पेनड्राईव्हवर उतरवून घ्यावे; ते सहसा लहान असते.

तुझ्या धाकट्या भावाचा टॅबही याच वेळी रिकामा करायचा म्हणतेस, तर त्यातल्या ‘माइनक्राफ्ट’ला हात लावण्यापूर्वी हे वाच. त्याने त्यात विजयदुर्ग बांधायला घेतला आहे आणि तिहेरी तटबंदीपैकी दोन तट पुरे झाले आहेत, असे तूच सांगितलेस. अँड्रॉइडवर ती दुनिया, म्हणजे त्याने गेममध्ये बांधलेले सगळे, ॲपच्याच साठ्यात असू शकते, आणि तशी असली तर ॲप काढताच किल्लाही गेला. तो कुठल्याही कचरापेटीत सापडणार नाही. यावर उपाय गेममध्येच आहे. दुनियांच्या यादीत त्या नावापुढच्या पेन्सिलवर टेकव, सेटिंग्जमध्ये अगदी खाली जा आणि ‘एक्स्पोर्ट वर्ल्ड’ दाब. जी एक फाईल तयार होईल ती गुगल ड्राईव्हवर टाक, तुझ्या लॅपटॉपवरही एक प्रत ठेव, आणि ॲप काढायचेच असेल तर ते त्यानंतर. मला विचारशील तर मी ते काढूच देणार नाही. असा किल्ला बांधणाऱ्या मुलाच्या टॅबमधून दुसरे काहीतरी काढता येईल.

मोबाईलवरच्या बाकीच्या गेममध्ये धोका असतो तो गेस्ट म्हणून खेळण्याचा. खाते न जोडता खेळलेल्या गेमची प्रगती त्या फोनपुरतीच राहते आणि ॲप गेल्यावर ती परत मिळण्याची खात्री नसते; म्हणून आधी गेमच्या सेटिंग्जमध्ये जाऊन तो गुगलच्या किंवा कंपनीच्या खात्याला जोडावा. मग प्ले स्टोअरमध्ये उजवीकडच्या तुझ्या चित्रावर टेकवून ‘मॅनेज ॲप्स अँड डिव्हाइस’ उघड, ‘मॅनेज’मध्ये यादी आकारानुसार लाव, नको त्या गेमपुढच्या चौकोनांत खुणा कर आणि कचरापेटीच्या चिन्हावर दाब. सगळे एकदम निघतात.

लॅपटॉपवर स्टीमचे काम तितकेच सोपे आहे. सेटिंग्जमधले ‘स्टोरेज’ उघडलेस की त्या ड्राईव्हवरचे सगळे गेम आकारासह दिसतात. हव्या त्या नावांपुढे खुणा करून खालचे ‘अनइन्स्टॉल’ दाबायचे. लायब्ररीच्या डाव्या यादीतही कंट्रोलची कळ धरून एकेक नाव निवडता येते किंवा शिफ्ट धरून सलग नावे घेता येतात, आणि मग उजव्या क्लिकने सर्वांना एकाच वेळी काढता येते. एपिकच्या लायब्ररीत प्रत्येक गेमच्या तीन टिंबांवर जावे लागते. विंडोजच्या स्वतःच्या ‘इन्स्टॉल्ड ॲप्स’ यादीतही एका वेळी एकच प्रोग्रॅम निघतो, त्याला इलाज नाही. अनेक प्रोग्रॅम एकदम काढणारे ‘बल्क क्रॅप अनइन्स्टॉलर’ नावाचे मोफत साधन आहे, नाव घरात मोठ्याने घेण्यासारखे नाही, पण साधन चांगले आहे. तरी गेमसाठी मी ते सुचवत नाही, कारण ते मागे राहिलेली फोल्डरेही शोधून पुसायला पुढे करते, आणि त्या उरल्यासुरल्यातच तुझ्या सेव्ह फाईल असू शकतात.

फोल्डर हाताने डिलीट करण्याचा आडमार्ग मात्र घेऊ नकोस. जागा मोकळी होते, पण लाँचरच्या, म्हणजे स्टीम-एपिकसारख्या गेम चालवणाऱ्या प्रोग्रॅमच्या, दृष्टीने गेम अजून तिथेच असतो आणि विंडोजच्या नोंदीही तशाच राहतात. उलट रीतसर काढल्यावर ‘स्टीमॲप्स’मधल्या ‘कॉमन’ फोल्डरात एकदा डोकावून ये. तू स्वतः टाकलेले मॉड, म्हणजे गेममध्ये बदल करणाऱ्या जादा फाईल, स्टीम काढत नाही, आणि ते कधीकधी काही जीबी अडवून बसलेले असतात. तेवढे हाताने काढायला हरकत नाही.

उद्दिष्टाचा आकडा गाठायला एखादा मोठा आणि आवडता गेमही द्यावा लागला, तर तो काढण्याऐवजी हलव. त्याच ‘स्टोरेज’मध्ये ‘मूव्ह’ आहे. एक्स्टर्नल हार्ड डिस्कवर स्टीमची दुसरी लायब्ररी केलीस की गेम तिकडे जातो आणि नेटचा एक थेंबही लागत नाही. डिस्क एनटीएफएस किंवा एक्सफॅट या फॉरमॅटमध्ये (डिस्कवर फाईल मांडण्याच्या पद्धतीत) असावी, कारण फॅट३२ या जुन्या फॉरमॅटमध्ये ४ जीबीपेक्षा मोठी एक फाईल मावत नाही आणि गेममध्ये तशा फाईल असतातच. हलवायला बसण्यापूर्वी लॅपटॉपची बॅटरी पूर्ण भरलेली असू दे. लाईट कधी जाईल याचा भरवसा मी देणार नाही. आणि ती डिस्क खिडकीत ठेवू नकोस. खाऱ्या हवेने यूएसबीच्या पिना गंजतात, तेव्हा घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलच्या दोन पुड्या टाकून ठेव.

काढलेला गेम परत हवासा वाटला तर डेटा जाळण्याआधी गणपतीची वाट पाहा. तुझ्या मुंबईच्या मावसभावाकडे फायबर आहे. तोच गेम त्याच्याकडेही असेल, तर त्याने आपल्या स्टीमच्या ‘कॉमन’ फोल्डरातले त्या गेमचे फोल्डर हार्ड डिस्कवर घालून आणावे, तू ते तुझ्या ‘कॉमन’मध्ये ठेवावेस आणि मग ‘इन्स्टॉल’ दाबावेस. स्टीम आधीच्या फाईल ओळखते, तपासते आणि जे कमी असेल तेवढेच उतरवते. गेम तुझ्या खात्यावर विकत घेतलेला असल्याने यात गैर काही नाही. मात्र ते उरलेले अपडेट चाकरमानी गावात असेपर्यंत लावू नकोस, कारण त्या दिवसांत एका टॉवरवर साऱ्या वाडीचे व्हिडीओ कॉल चाललेले असतात. गौरी-गणपतींचे विसर्जन झाल्यावर, पहाटे लाव.

उरलेल्या गेमचे आपोआप होणारे अपडेट आजच आवर. स्टीमच्या सेटिंग्जमध्ये ‘डाउनलोड्स’खाली अपडेटची वेळ रात्रीची बांधून देता येते, आणि एखाद्या गेमच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये तो सुरू करशील तेव्हाच अपडेट व्हावा असेही ठरवता येते. हे केले नाहीस तर मोकळी केलेली जागा आणि महिन्याचा पॅक दोन्ही हेच गेम खातील. ऑटोकॅडचे डाउनलोड मात्र घरून करू नकोस. सोमवारी कॉलेजच्या लॅबमधून पेनड्राईव्हवर घेऊन ये, आणि विद्यार्थ्यांच्या परवान्यासाठी लागणारा कॉलेजचा ईमेल तिथेच तपासून घे.

तुझ्या आईवडिलांना नमस्कार सांग.

तुझे,
कॉम्प्युटर क्लासचे सर