स्लो कुकरमध्ये बीफ स्ट्यू करताना मसाले सुरुवातीला घालावेत की शेवटी?

तुम्ही लिहिलंय की परदेशात नवीन आहात, सकाळी कामावर निघताना बीफ, बटाटे, गाजर, कांदा, लवंग-दालचिनी, तिखट, पाणी असं सगळं एकदम स्लो कुकरमध्ये टाकता आणि संध्याकाळी रस्सा पाणचट नि कडवट लागतो. तर मसाला आधी घालू की शेवटी? उत्तर: मसाला आधीच, पण स्लो कुकरमध्ये नाही, पातेल्यात. तेलात, कांद्यावर. हे बारा वर्षांपूर्वी मला कोणी सांगितलं असतं तर माझ्या आईच्या मसाल्याला बोल लागला नसता.

मी वसईची. सासर मुंबईच्या एका जुन्या गावठाणातलं. आयर्लंडमध्ये नर्स आहे. आमच्याकडे बाटली मसाला काय चीज आहे हे ज्यांना माहीत आहे त्यांना माहीत आहे, बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगते. एप्रिल-मेच्या उन्हात मिरच्या वाळवायच्या, मग धणे, जिरं, मोहरी, तीळ, खसखस, हळकुंड, मिरी, लवंग, दालचिनी, वेलची, जायपत्री, नागकेसर, दगडफूल, तिरफळ, शिवाय गहू आणि चणे, प्रत्येक जिन्नस वेगळा भाजायचा. उखळात कांडायचा, चाळायचा आणि बियरच्या तपकिरी बाटल्यांत काठीने ठासून भरायचा. तपकिरी काचेमुळे उजेड लागत नाही आणि ठासल्यामुळे हवा राहत नाही, म्हणून तो वर्षभर टिकतो. घरागणिक जिन्नस वेगळे, प्रमाण वेगळं. आणि प्रत्येक घराला आपलाच खरा वाटतो.

मी इकडे आले त्या वर्षी आईने शेवटचा मसाला कांडला. पुढच्या वर्षी तिचे गुडघे गेले आणि अंगणातलं उखळ पालथं पडलं ते पडलंच. त्या मसाल्याची एक बाटली टॉवेलात गुंडाळून मी बॅगेतून आणली होती.

माझी मोठी नणंद इथे माझ्या आधीपासून आहे. तिने मला तिचा जुना स्लो कुकर दिला आणि सांगितलं, "सगळं कच्चंच टाकायचं, झाकण लावायचं आणि ड्युटीला जायचं. त्यासाठीच तर हे यंत्र आहे." पहिल्या नाताळाला मी तिच्या घरच्यांना जेवायला बोलावलं. २६ डिसेंबरला इथे सुट्टी असते, पण मला सकाळी आठ ते रात्री आठ ड्युटी होती. म्हणून पहाटे उठून दोन किलो बीफ, बटाटे, गाजर, पाच-सहा लवंगा, दालचिनीचे दोन मोठे तुकडे, आईचा मसाला चार मोठे चमचे आणि वर लिटरभर पाणी. नणंदेने सांगितलं तसंच. झाकण लावलं आणि गेले.

रात्री पाहुण्यांसमोर झाकण उघडलं. वर नारिंगी तेलाचा जाड तवंग, खाली राखाडी पाणी. मसाला तळाला गाळासारखा बसलेला. घरात मसाल्याचा वास नव्हताच, होता तो दातांच्या दवाखान्यात येतो तसला लवंगेचा. बटाट्याच्या फोडी बारा तासांनीही मधे टणक. नणंदेने चमचाभर रस्सा घेतला, चमचा खाली ठेवला आणि म्हणाली, "मसाला जुना झालाय गं. आणि वसईचा मसाला तसा उग्रच असतो, आमच्यासारखा नाही." सगळ्यांनी पाव आणि हॅम खाल्लं.

मसाला आठ महिन्यांचा होता. बाटली मी महिन्याभरापूर्वी फोडली होती.

सगळे गेल्यावर रात्री एक वाजता मी वसईला फोन लावला. तिकडे साडेसहा वाजले होते, आई चर्चमध्ये सकाळच्या मिस्साला, म्हणजे प्रार्थनेला, निघाली होती. मी सगळं सांगितलं. तिने एकच विचारलं, "वैलावर ठेवायच्या आधी चुलीवर किती वेळ होतं?"

म्हटलं, चुलीवर ठेवलंच नाही.

"मग वैल काय करणार?" म्हणाली आणि मिस्साला गेली.

ज्यांनी चूल पाहिली नाही त्यांच्यासाठी सांगते: वैल म्हणजे चुलीच्या बाजूचं, मागचं छोटं तोंड. तिथे वेगळी लाकडं घालत नाहीत. मुख्य चुलीचा जाळ आतून जाताना जी धग पोचते तेवढीच. माझी आजी चुलीवर कांदा तांबूस करायची, मसाला परतायची, मटणाचे तुकडे त्यात बाजूबाजूने भाजून घ्यायची, एक उकळी आणायची आणि मग ते मडकं वैलावर सरकवून वाडीत कामाला जायची. त्याला ती 'इष्टू' म्हणायची. शिजवण्याचं काम वैलाचं, चव आणण्याचं काम चुलीचं. स्लो कुकर ही चूल नाही. तो वायर लावलेला वैल आहे.

त्या रात्री मी झोपले नाही. रस्सा गाळून पातेल्यात घेतला, मांस बाजूला काढलं, लवंग-दालचिनी वेचून फेकली. दुसऱ्या पातेल्यात दोन कांदे चांगले लालसर परतले, तळाचा मसाल्याचा गाळ खरवडून त्या तेलात टाकला आणि तेल सुटेपर्यंत हलवत राहिले. चार मिनिटांत घरभर आईच्या स्वयंपाकघराचा वास. मग गाळलेला रस्सा ओतून अर्ध्यावर आटवला, मांस परत सोडलं. तोच मसाला, तेच मांस. रात्री अडीच वाजता रस्सा इतका मिळून आला होता की चमच्याला धरत होता. तो चाखायला मात्र कोणी नव्हतं.

आता कारण. स्लो कुकर 'लो'वर असो की 'हाय'वर, शेवटी दोन्हीकडे उकळबिंदूच्या जवळपासच पोचतो. फरक तिथे पोचायला किती वेळ लागतो एवढाच. पण शंभर अंशांच्या वर तो जात नाही, कारण आत पाणी आहे. कांद्याला नि मांसाला तांबूस रंग आणि तो खमंगपणा यायला याहून बराच जास्त ताप लागतो. म्हणून स्लो कुकरमध्ये बारा तास काय, चोवीस तास ठेवलं तरी कांदा उकडलेलाच राहणार. मसाल्याचंही तेच. त्याचा वास तेलात उतरतो, पाण्यात नाही. आमच्या मसाल्यातले गहू-चणे रस्सा दाट करतात, पण आधी तेलात परतले तरच. नाहीतर तळाला बसतात. (भाजल्याने मांसाचा रस 'आत कोंडला जातो' असं कोणी सांगेल. तसं काही नसतं. भाजायचं ते चवीसाठी.)

तुमचा कडवटपणा अख्ख्या लवंग-दालचिनीचा आहे. गॅसवर तासाभराच्या स्वयंपाकात पाच लवंगा चालतात. आठ तास बंद झाकणाखाली त्या सगळं ओकतात. किलोभर मांसाला दोन लवंगा आणि बोटाच्या पेराएवढी दालचिनी, बस. याउलट पूड केलेला गरम मसाला इतक्या वेळात मंद पडतो, म्हणून त्यातली चिमूट शेवटच्या पंधरा मिनिटांसाठी राखून ठेवायची. तुमच्या प्रश्नातला 'शेवटी' तेवढ्यापुरता बरोबर आहे.

पाणी ही दुसरी चूक, आणि ती झाडून सगळे करतात. झाकणाखालून वाफ जातच नाही, आणि मांस नि कांदा स्वतःच भरपूर पाणी सोडतात. किलोभर मांसाला एक कप पाणी पुष्कळ झालं. मांस बुडालेलं दिसलं नाही तरी घाबरू नका.

मांस 'शिन' घ्या, म्हणजे पायाचं, शिरा नि पांढरे पडदे असलेलं. इथल्या खाटकाकडे ते स्वस्तही मिळतं. ते पडदे सत्तर अंशांच्या वर बराच वेळ राहिले की विरघळून रस्सा चिकटसर होतो. तोच दाटपणा, मैदा-कॉर्नफ्लॉर काही लागत नाही. महागडा स्टेकचा तुकडा इथे घालणं म्हणजे पैसे पाण्यात, तो भुशासारखा होतो. वसईतून वाचणाऱ्यांसाठी: २०१५ च्या कायद्यानंतर आपल्याकडे मिळतं ते म्हशी-रेड्याचं. ते जास्त चिवट, त्याला 'लो'वर दोनेक तास जास्त धरा.

माझं आजचं प्रमाण: किलोभर शिनचे मोठे तुकडे, मीठ लावून कोरडे पुसून तेलात थोडेथोडे करून दोन्ही बाजूंनी तांबूस. एकदम सगळे टाकले की पाणी सुटतं आणि ते उकडतात. त्याच पातेल्यात तीन कांदे, आलं-लसूण, बाटली मसाला दोन मोठे चमचे, तेल सुटेपर्यंत. कपभर पाणी घालून तळ खरवडायचा, सगळा ऐवज त्या तळाला असतो. उकळी आली की गरमच स्लो कुकरमध्ये, 'लो'वर आठ तास. बटाटे-गाजर तळाला, लहान फोडी करून, कारण कंदमुळं या धगीवर मांसापेक्षा उशिरा शिजतात. व्हिनेगर मोठा चमचाभर, पण शेवटी. आंबट आधी घातलं की बटाटा मऊ होत नाही. हे सगळं मी रात्री करून ठेवत नाही, पहाटे पंचवीस मिनिटं लवकर उठते.

यावर माझी नणंद आजही म्हणते, "एवढं परतायचंच असेल तर सरळ प्रेशर कुकर लाव, चाळीस मिनिटांत होतं." होतं, नाही कोण म्हणतंय? पण प्रेशर कुकरमधलं शिन मऊ असलं तरी तोंडात कोरडं लागतं, आणि रस्सा नि मांस दोन वेगळ्या गोष्टी राहतात. मुख्य म्हणजे मी बारा तास बाहेर असते, शिट्ट्या मोजायला घरी कोण आहे? आणि 'यंत्र आहे तर परतायचं कशाला' हे तर मला मुळीच मान्य नाही. ज्या माणसाने हे यंत्र काढलं, अमेरिकेतला अर्व्हिंग नॅक्सन, त्याला १९४० मध्ये पेटंट मिळालं. त्याला ते सुचलं आईने सांगितलेल्या लिथुआनियातल्या आठवणीवरून. तिकडची ज्यू कुटुंबं शुक्रवारी संध्याकाळी चोलंटचं, म्हणजे रात्रभर मंद शिजणाऱ्या मांसाच्या रश्श्याचं, भांडं बेकरीच्या मंदावणाऱ्या भट्टीत ठेवायची, कारण शब्बाथला, म्हणजे त्यांच्या शनिवारच्या विश्रांतीच्या दिवशी, चूल पेटवायची नसते. म्हणजे तीही भट्टीची उरलेली धगच, वैलाचीच जात. १९७१ मध्ये एका कंपनीने तेच 'क्रॉक-पॉट' म्हणून विकायला काढलं, तेव्हा 'टाका आणि विसरा' हे सोबत आलं. नणंदबाईंनी तेवढंच ऐकलंय.

आणि मसाला जुना नव्हता. हे मी तिला प्रत्येक नाताळाला सांगते.

काही गोष्टी वर राहून गेल्या. गोठलेलं मांस थेट स्लो कुकरमध्ये टाकू नका, ते बराच काळ कोमटच राहतं आणि खराब होतं. आदल्या रात्री फ्रिजमध्ये उतरवून ठेवा. टायमरचा प्लग लावून कच्चं मांस दुपारपर्यंत थंड कुकरमध्ये पडू देऊ नका, कारण तेच. स्ट्यूमध्ये राजमा घालणार असाल तर तो रात्रभर भिजवून, ते पाणी टाकून, गॅसवर निदान दहा मिनिटं खळखळ उकळून मगच घाला. अर्धाकच्चा राजमा विषारी असतो आणि 'लो'वरची धग ते विष मारेलच असं नाही. दर तासाला झाकण उघडून बघू नका, प्रत्येक वेळी वीस-पंचवीस मिनिटं वाया जातात. कामावरून यायला उशीर होत असेल तर आठ तासांनी आपोआप 'वॉर्म'वर जाणारा कुकर घ्या. फ्रिजमधून काढलेलं कुकरचं आतलं मातीचं भांडं थेट तापवू नका, तडकतं.

तुमच्याकडे बाटली मसाला नसणार. धणे-जिरं पूड, काश्मिरी तिखट, हळद, थोडी बडीशेप, आणि चमचाभर फुटाण्याचं पीठ दाटपणासाठी. हे सगळं कांद्यावर परतून घ्या. अगदी तसं लागणार नाही, पण पाणचट नक्की होणार नाही. सोबत भात नको, पाव घ्या, कडक कवचाचा. आणि उरलं तर उथळ भांड्यात काढून दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये टाका. दुसऱ्या दिवशी गॅसवर गरम करा, स्लो कुकरमध्ये नाही.