ऑस्ट्रेलियन रूल्स फुटबॉल (ऑस्ट्रेलियाचा स्वतःचा फुटबॉल प्रकार) सुरू करणारा टॉम विल्स नेमका कोण होता?

एकट्याने सुरू केला असं म्हणता येणार नाही, पण पहिली ठिणगी त्याचीच. जन्म 1835, न्यू साउथ वेल्स. शिक्षण इंग्लंडच्या रग्बी नावाच्या शाळेत, तिथे तो क्रिकेट संघाचा कर्णधार होता. मेलबर्नला परतल्यावर जुलै 1858 मध्ये त्याने एका क्रीडासाप्ताहिकाला पत्र लिहिलं: हिवाळ्यात क्रिकेटपटूंचं अंग आखडू नये म्हणून फुटबॉल क्लब काढा. मे 1859 मध्ये त्याने आणि मेलबर्न क्लबच्या इतर मंडळींनी मिळून दहा नियम लिहून काढले. पुढे तो मेलबर्न आणि जिलाँग या दोन्ही संघांकडून खेळला.

मला त्याच्या आयुष्यातला पुढचा भाग जास्त अस्वस्थ करतो. 1861 मध्ये क्वीन्सलँडमधल्या कलिन-ला-रिंगो इथे आदिवासींच्या हल्ल्यात त्याच्या वडिलांसह 19 जण मारले गेले. टॉम तेव्हा सामान आणायला गेला होता, म्हणून वाचला. बदला म्हणून गोऱ्यांनी कितीतरी आदिवासींना ठार केलं. आणि हाच माणूस पाच वर्षांनी व्हिक्टोरियातल्या आदिवासी क्रिकेट संघाचा प्रशिक्षक आणि कर्णधार झाला! 1866 च्या बॉक्सिंग डेला तो त्या संघाला घेऊन मेलबर्न क्रिकेट ग्राउंडवर उतरला. लहानपणी तो जाब वुरुंग या आदिवासी समाजाच्या मुलांत वाढला होता, त्यांची भाषा बोलायचा.

नंतर दारूने त्याला पार पोखरलं. 1880 मध्ये, वयाच्या 44 व्या वर्षी, त्याने आत्महत्या केली.