बँकेचा संचालक आमदार व्हायला निघतो तेव्हा

सहकारी बँकेतून विधानसभेकडे जाणाऱ्या वाटेबद्दल गेल्या काही महिन्यांत बरीच पत्रे आली. त्यांतल्या पाच प्रश्नांची उत्तरे या वेळी देत आहोत.

नागरी सहकारी बँकेत मी सलग नऊ वर्षे संचालक आहे. विधानसभेला उभे राहायचे असेल तर राजीनामा द्यावा लागतो का? माझ्या नावावर कर्जही आहे. (सांगली जिल्हा)

निवडून आलेल्या संचालकाला राजीनामा द्यावा लागत नाही. लोकप्रतिनिधित्व कायदा, १९५१चे कलम १० वाचा. ज्या कंपनीत सरकारचे २५ टक्के किंवा जास्त भांडवल आहे, तिचा व्यवस्थापक किंवा सचिव या कलमाने अपात्र ठरतो. पण सहकारी संस्था त्यातून स्पष्टपणे वगळल्या आहेत. तुम्ही शासननियुक्त प्रतिनिधी म्हणून मंडळावर असाल, तर मात्र लाभाच्या पदाचा, म्हणजे सरकारकडून फायदा मिळणाऱ्या पदाचा, मुद्दा निघू शकतो. तो अर्ज भरण्याआधीच वकिलाकडून तपासून घ्या.

व्यवस्थापकीय संचालकाची गोष्ट वेगळी आहे. रिझर्व्ह बँकेने जून २०२१ मध्ये घातलेल्या अटींनुसार नागरी सहकारी बँकेचा व्यवस्थापकीय किंवा पूर्णवेळ संचालक खासदार, आमदार किंवा नगरसेवक असू शकत नाही. पगारी खुर्ची आणि आमदारकी यांतले एक सोडावेच लागते. ही अट योग्यच आहे. रोजचा कर्जव्यवहार ज्याच्या सहीने चालतो, त्याच्या दारात मतदारांची रांग लागता कामा नये.

तुमच्यापुढचा खरा प्रश्न मुदतीचा आहे. १ ऑगस्ट २०२५ पासून सहकारी बँकेच्या संचालकाची सलग मुदत आठवरून दहा वर्षे झाली. अध्यक्ष आणि पूर्णवेळ संचालक यांना कायद्याने त्यातून वगळले आहे. तुमची नऊ वर्षे भरली आहेत. आमदार झालात किंवा न झालात, तरी एका वर्षात मंडळावरची जागा सोडायची तयारी ठेवा.

कर्जाबाबत दोन कायद्यांची गल्लत करू नका. थकबाकीदार माणूस बँकेच्या मंडळावर राहू शकत नाही. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाचे कलम ७३ गक त्यासाठीच आहे आणि मुदतकर्जाचा एक हप्ता चुकला तरी ते लागू होते. विधानसभेला कर्जाची थकबाकी ही अपात्रता नाही, पण उमेदवारी अर्जासोबतच्या नमुना २६च्या शपथपत्रात कर्ज लपवता येत नाही. स्वतःचे, पत्नीचे किंवा पतीचे आणि अवलंबितांचे प्रत्येक कर्ज बँकेच्या नावासह व शिल्लक रकमेसह लिहावे लागते. पासबुकातली जुनी रक्कम उतरवू नका, शाखेतून ताजा शिल्लक दाखला घ्या. सहकारी निवडणुकीची सवय असलेले उमेदवार सोसायटीचा बेबाकी दाखला, म्हणजे काही देणे बाकी नाही असा दाखला, जोडून निश्चिंत होतात. इथे बेबाकी विचारली जाते ती सरकारी निवासस्थानाची: भाडे, वीज, पाणी, टेलिफोन. गेल्या दहा वर्षांत असे घर मिळाले असेल तर तो दाखला आधी मिळवा.

आमच्या बँकेचे अध्यक्षच निवडणुकीला उभे आहेत आणि खर्चाचे खाते आमच्या शाखेत उघडायचे म्हणतात. शाखाधिकारी म्हणून मी काय सांभाळावे? (सातारा जिल्हा)

खाते उघडता येते. निवडणूक आयोगाला सहकारी बँकेतले किंवा टपाल कार्यालयातले खातेही चालते. ते फक्त निवडणूक खर्चासाठी असावे आणि अर्ज भरण्याच्या किमान एक दिवस आधी उघडलेले असावे. विधानसभेची खर्चमर्यादा ४० लाख रुपये आहे. एका व्यक्तीला किंवा दुकानाला संपूर्ण निवडणुकीत मिळून १०,००० रुपयांपर्यंतच रोखीने देता येतात. त्यापुढे रेखांकित धनादेश, ड्राफ्ट किंवा आरटीजीएस.

अडचण येते ती इथेच. मंडपवाल्याला सोमवारी ८,००० आणि गुरुवारी ६,००० रोख दिले, तर प्रत्येक पावती मर्यादेत दिसते, पण बेरीज १४,००० होते आणि खर्च निरीक्षक नेमके त्यावर बोट ठेवतो. अध्यक्षांच्या कार्यकर्त्याला हे पहिल्याच दिवशी समजावून सांगा. निकालानंतर ३० दिवसांत हिशेब द्यायचा असतो. तो दिला नाही तर आयोग तीन वर्षांसाठी अपात्र ठरवू शकतो.

तुमची स्वतःची जबाबदारी याहून अवघड आहे. निवडणुकीच्या काळात एक लाखाच्या वर अचानक, नेहमीपेक्षा वेगळी रोख निघाली किंवा भरली गेली, तर बँकेने जिल्हा निवडणूक अधिकाऱ्याला कळवायचे असते. उमेदवार आणि त्याची पत्नी किंवा पती यांच्या शपथपत्रातल्या खात्यांवरही हीच नजर ठेवायची असते. म्हणजे आपल्याच अध्यक्षांच्या खात्याचा अहवाल तुम्हाला पाठवावा लागेल. तो तोंडी परवानगीवर अडवून ठेवू नका. मुख्य कार्यालयाला आणि जिल्हा निवडणूक कार्यालयाला एकाच दिवशी पाठवा आणि पोच फाइलला लावा. बँकेची गाडी, शिपाई, कॅलेंडर, अध्यक्षांचा फोटो असलेली ठेव योजनेची जाहिरात, हे सगळे त्या काळात प्रचारापासून दूर ठेवा. उमेदवाराच्या संमतीने झालेला असा खर्च त्याच्या हिशेबात धरला जाऊ शकतो, आणि बँकेच्या लेखापरीक्षणात तो पैसा कशासाठी गेला याचे उत्तर तुम्हाला द्यावे लागते.

जिल्हा बँकेतूनच इतके आमदार का निघतात? ही पद्धत केव्हापासून? (पुणे, राज्यशास्त्राची विद्यार्थिनी)

१९११ मध्ये सर विठ्ठलदास ठाकरसी आणि लल्लूभाई सामळदास यांनी मुंबईत मध्यवर्ती सहकारी बँक उभी केली. आजची राज्य सहकारी बँक ती हीच. लल्लूभाईंचे पुत्र वैकुंठभाई मेहता यांनी तिचा कारभार अनेक वर्षे पाहिला आणि १९४६ मध्ये ते मुंबई प्रांताचे अर्थ व सहकार मंत्री झाले. पुण्याची राष्ट्रीय सहकार व्यवस्थापन संस्था त्यांच्याच नावाने आहे. त्यांच्याबाबतीत बँकेतला अनुभव आधी आला आणि सत्ता नंतर. पुढे क्रम बदलत गेला. अजित पवार १९९१ मध्ये पुणे जिल्हा मध्यवर्ती बँकेचे अध्यक्ष झाले आणि त्याच वर्षी बारामतीतून विधानसभेत गेले. बँकेचे अध्यक्षपद त्यांच्याकडे सोळा वर्षे होते, म्हणजे दोन्ही खुर्च्या बराच काळ शेजारी शेजारी राहिल्या.

याचे कारण ठरावात आहे. जिल्हा बँकेच्या संचालक निवडणुकीत, सोसायटी गटात, शेतकरी स्वतः मत देत नाही. गावची विकास सोसायटी (शेतकऱ्यांना पीककर्ज देणारी गावपातळीवरची सहकारी संस्था) कार्यकारी मंडळाची सभा घेते, एका माणसाच्या नावाने ठराव करते आणि तो मतदार यादीसाठी पाठवते. तालुक्यात शंभर सोसायट्या असतील तर मतदार शंभर. म्हणून बँकेचा उमेदवार मतदानाच्या कितीतरी आधी "ठराव गोळा" करत फिरतो. कुठल्या गावात कोणाचा ठराव झाला, कोण फुटला, सचिव कोणाचा ऐकतो, ही सगळी माहिती त्याच्या वहीत असते. विधानसभेला लागणारे गावोगावचे जाळे तेच. शिवाय पीककर्ज हाच शेतकऱ्याचा वर्षातून दोनदा येणारा संबंध, त्यामुळे ओळख टिकून राहते.

याच जाळ्यातून कर्जे वाटली गेली की काय होते, ते मे २०११ मध्ये दिसले. त्या महिन्यात रिझर्व्ह बँकेच्या सांगण्यावरून राज्य सहकारी बँकेचे संचालक मंडळ बरखास्त झाले आणि प्रशासक आले.

बँकिंग कळणारा आमदार सभागृहात नेमके काय करू शकतो? (नाशिक)

आधी काय करता येत नाही ते सांगतो. बँकिंग हा संघ सूचीतला विषय आहे, सहकारी संस्था राज्य सूचीतला. रिझर्व्ह बँकेने बँकिंग विनियमन कायद्याच्या कलम ३५अ खाली एखाद्या बँकेवर घातलेले निर्बंध विधानसभा उठवू शकत नाही. तसे आश्वासन कोणी देत असेल तर ते त्याच्या अधिकाराबाहेरचे आहे.

त्याचा उपयोग होतो तो पुरवणी मागण्या (अर्थसंकल्पानंतर मागितलेला जादा खर्च) वाचताना आणि सरकारी खर्चाचे हिशेब तपासणाऱ्या लोकलेखा समितीत बसताना. साखर कारखान्याच्या कर्जाला राज्याने थकहमी दिली, तर ती अर्थसंकल्पात खर्च म्हणून दिसत नाही. कारखाना थकला की मगच तिजोरीवर बोजा येतो. ताळेबंदाखाली लिहिलेली संभाव्य देणी वाचायची सवय असलेला माणूस तिथेच थांबून विचारतो की किती हमी दिल्या, किती वसुलीला आल्या, हमी शुल्क भरले का.

कर्जमाफीवर तर त्याने बोललेच पाहिजे. २०१७च्या योजनेत दीड लाखापर्यंत आणि २०१९च्या योजनेत दोन लाखांपर्यंत थकीत कर्ज माफ झाले. नियमित फेड करणाऱ्यांना प्रोत्साहन म्हणून ५०,००० रुपयांपर्यंत जाहीर झाले. माफीची नुसती चर्चा सुरू झाली की भरू शकणारा शेतकरीही हात आखडतो. कमी मुदतीच्या पिकाचे कर्ज दोन हंगाम थकले की अनुत्पादित, म्हणजे एनपीए, होते. मग बँकेला तरतूद करावी लागते, म्हणजे बुडीत धरून पैसा बाजूला ठेवावा लागतो, आणि पुढच्या हंगामात नव्या कर्जाला पैसा कमी पडतो. दुष्काळात माफीची गरज पडतेच, हे आम्हीही मानतो. पण रक्कम बँकेला कोणत्या तारखेला मिळणार, हा प्रश्न त्याच दिवशी सभागृहात विचारणारा आमदार हवा.

आमदार अध्यक्ष आहेत म्हणून त्या बँकेत निवृत्तीचे पैसे ठेवले. सुरक्षित आहेत ना? (सोलापूर)

अध्यक्ष आमदार आहेत म्हणून ठेवीला जादा संरक्षण मिळत नाही. विमा प्रत्येक ठेवीदाराला मुद्दल आणि व्याज मिळून पाच लाखांपर्यंत, सगळ्या शाखा एकत्र धरून. तुमचे बारा लाख एकाच बँकेत असतील तर सात लाख विम्याबाहेर आहेत. ते विभागा.

मग वार्षिक अहवाल मागवा. पर्याप्त भांडवलाचे प्रमाण (जोखमीच्या कर्जांच्या तुलनेत बँकेचे स्वतःचे भांडवल) १०० कोटींपर्यंत ठेवी असलेल्या बँकेत किमान ९ टक्के आणि मोठ्या बँकेत १२ टक्के हवे. नंतर ढोबळ आणि निव्वळ एनपीए दोन्ही पाहा. समजा कर्जे २०० कोटी, थकलेली १६ कोटी, तरतूद १० कोटी. ढोबळ ८ टक्के झाले. निव्वळ काढताना तरतूद दोन्हीकडून वजा होते, म्हणजे १९० कोटींत ६ कोटी, साधारण ३.२ टक्के. पोस्टरवर फक्त निव्वळचा आकडा छापतात. तरतूद पुरेशी असेल तर ते चुकीचे नाही, पण ढोबळचा आकडा दरवर्षी चढत असेल तर सावध व्हा.

संचालक आणि त्यांच्या नातेवाइकांना दिलेली कर्जे हा रकाना न चुकता वाचा. नागरी बँकांना अशी कर्जे २००३ पासून बंद आहेत. स्वतःच्या ठेवी किंवा विमा पॉलिसीच्या तारणावर दिलेल्या कर्जांसारखे थोडे अपवाद आहेत. तिथे मोठी रक्कम दिसली तर वार्षिक सभेत लेखी प्रश्न द्या. ही सभा ३० सप्टेंबरपर्यंत होते. प्रश्न विचारायचा हक्क सभासदाला आहे, नुसत्या ठेवीदाराला नाही. म्हणून शेअर्स घेऊन सभासद व्हा, आणि प्रश्न सभेच्या काही दिवस आधी मुख्य कार्यालयात देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का घ्या.