हेली विल्यम्सचा सोलो अल्बम 'पेटल्स फॉर आर्मर' तिच्या पॅरामोर या बँडसारखा रॉक नाहीये, मग ऐकण्यात अर्थ आहे का?

आहे की, भरपूर आहे! फक्त पॅरामोरच्या 'मिझरी बिझनेस' या दणदणीत रॉक गाण्यातली हेली शोधायला गेलात तर दोन गाण्यांत बंद कराल, कारण ती इथे नाहीच. मे २०२० मध्ये आलेला हा तिचा पहिला सोलो अल्बम, १५ गाणी, तीन भागांत, आणि प्रोड्यूस केलाय पॅरामोरच्याच गिटारिस्टने, टेलर यॉर्कने. त्यामुळे बँडशी भांडून काढलाय वगैरे काही डोक्यात आणू नका.

पहिलंच गाणं 'सिमर' घ्या. विषय राग. आता रागाचं गाणं म्हटलं की आपण डिस्टॉर्शन, म्हणजे गिटारचा मुद्दाम फाटका केलेला आवाज, धरूनच चालतो, पण इथे पुढे आहेत बेस आणि ड्रम्स, श्वासाचे आवाज चक्क तालात बसवलेत आणि ती अगदी कानाशी बोलल्यासारखी गाते, आवाज चढवायची जागा येते तरी चढवत नाही. मला तर हे तिच्या वरच्या पट्टीपेक्षा जास्त अंगावर येतं, कारण राग ओरडून मोकळा होतच नाही, आत धुमसत राहतो.

'लीव्ह इट अलोन' आजीची स्मृती जाताना बघून आलेलं गाणं आहे, आपल्या माणसांना गमावण्याच्या भीतीचं. ते सलग दोनदा ऐकणं मला जमत नाही.

आणि 'डेड हॉर्स'! ते सुरूच होतं तिच्या व्हॉइस मेमोने, पाठवायला उशीर झाला, सॉरी, डिप्रेशनमध्ये होते असं साध्या आवाजात सांगते आणि लगेच जे लागतं ते पाय थिरकायला लावणारं, पण शब्द नीट ऐकले तर बिघडलेलं नातं ताणत राहिल्याचा सगळा हिशोब आहे. २०१७ मध्ये ती नवऱ्यापासून वेगळी झाली होती, ते माहीत असलं की अजूनच टोचतं.

शेवटचा भाग मला थोडा सैल वाटतो, दोनतीन गाणी कमी चालली असती. पण पहिला भाग बिनतोड आहे, त्याची पाच गाणी क्रमाने आणि हेडफोन लावूनच ऐका, मोबाईलच्या स्पीकरवर बेस गायब होतो आणि मग काहीच उरत नाही. आवडलं तर पुढे २०२१ चा 'फ्लॉवर्स फॉर व्हासेस' पण ऐका, त्यात सगळी वाद्यं तिने स्वतः वाजवलीयेत आणि तो याहून शांत आहे.