मूक कार्टून बघायला सुरुवात करताय? मग एवढंच करा

अरे वा, या नादाला लागलात हे बरं झालं! पण एक सांगतो, अगदी जुन्या, १९०८ च्या कार्टूनपासून क्रमाने बघायला बसू नका, मी तेच केलं आणि आठवड्यात कंटाळलो.

सुरुवात 'गर्टी द डायनासोर' या कार्टूनपासून करा. काढणारा व्यंगचित्रकार विन्सर मॅके, साल १९१४. हा माणूस स्टेजवर चाबूक घेऊन उभा राहायचा आणि पडद्यावरच्या डायनासोरला हुकूम सोडायचा, ती कधी ऐकायची, कधी रुसून रडायची, मध्येच अख्खं तळं पिऊन टाकते ते तर बघाच. आणि मागचे दगड सतत थरथरताना दिसतील, ती प्रिंट खराब नाहीये बरं का, प्रत्येक कागदावर बॅकग्राउंड परत हाताने काढलंय म्हणून तसं!

मग फेलिक्स मांजर. त्याच्या शेपटीवर लक्ष ठेवा, ती काढून तो हवं ते बनवतो, डोक्यावरचं प्रश्नचिन्हसुद्धा हत्यार म्हणून वापरतो. खरी गंमत तिथेच आहे.

नवीन लोक हमखास चुकतात ते असं:
- स्पीड. पात्रं उगाच तुरुतुरु पळताहेत वाटलं तर प्लेबॅक थोडा कमी करून बघा
- वर चिकटवलेलं संगीत. ते बहुतेक नंतरचं असतं, नाही आवडलं तर सरळ म्यूट
- एका बैठकीत दहा. दोन-तीन पुरे, नाहीतर सगळी सारखीच वाटायला लागतात

हो आणि यात कृष्णवर्णीयांची वगैरे अतिशय घाणेरडी टिंगल येते कधी कधी, त्यामुळे पोरांना लावून देण्याआधी स्वतः बघा. रोटोस्कोप, सेल ही कार्टून बनवायच्या तंत्रांची भानगड आत्ता नको, कोको जोकरची मूक कार्टून बघायला लागलात की विचारा.